विहिरीच्या तळाशी बसलेला वायू

मालक खाली वाकला. माझ्या मेलेल्या बापाच्या तोंडाजवळ त्याने नाक नेलं आणि हुंगलं. मग धोतराचा सोगा झटकून सरळ उभा राहिला आणि सगळ्या गावाला ऐकू जाईल असं म्हणाला, "दारू पिऊन होता हा."

बाप विहिरीच्या काठावरच्या दगडावर आडवा होता. अंगाला डिझेलचा वास. मी त्याच्या पायापाशी बसले होते, हातात त्याच्या जेवणाचा डबा तसाच. मला तर डिझेलशिवाय दुसरा वास येत नव्हता. पण मी शाळकरी पोरगी. माझ्या नाकाला कोण विचारतो?

कोणीच काही बोललं नाही. गावात मालकाच्या शब्दाला वजन. त्याचे आजे-पणजे गावाचे मालगुजार होते. मालगुजारी केव्हाच गेली, पण आमच्या तोंडचा 'मालक' काही गेला नाही. आमच्या मोहल्ल्यातली निम्मी माणसं त्याच्या धानाच्या बांधीत राबतात. माझा काका, बाबांचा धाकटा भाऊ, त्याचीच जमीन बटईने, पिकाच्या वाट्यावर, करायचा. काका तिथेच होता, डोकं धरून बसला होता. तोही काही बोलला नाही.

गाव नागभीडपासून लांब नाही. धानाचा मुलूख. मालकाने त्या वर्षी उन्हाळी धान लावलं होतं आणि विहिरीचं पाणी खोल गेलं होतं. वर काठावर ठेवलेल्या इंजिनाला ते ओढेना. म्हणून मालकाने इंजिनच विहिरीत उतरवलं. खाली पाण्याच्या वर दगडाचा एक कट्टा होता, त्यावर बसवलं. आमच्याकडे असं करतात. सगळेच करतात. सकाळी बाबा उतरले, हँडल मारलं, इंजिन सुरू करून वर आले. धुराचा लोट विहिरीच्या तोंडातून भसाभस निघत होता आणि पाट भरून वाहत होता.

दुपारी मी डबा घेऊन गेले तेव्हा इंजिन नुकतंच बंद पडलं होतं. बाबा काठावर उभे राहून खाली पाहत होते.

"धूर निघू द्या थोडा, मालक," ते म्हणाले.

मालक आंब्याच्या सावलीत खाटेवर होता. तिथूनच म्हणाला, "धूर तं गेला ना वरतं! आता काय हाय तिथी? उतर लवकर. धान वाळून राह्यलं."

बाबांनी पुन्हा वाकून पाहिलं. खरंच धूर नव्हता. तळापर्यंत सगळं स्वच्छ दिसत होतं. पाणी दिसत होतं, इंजिन दिसत होतं. सकाळी याच विहिरीत उतरून ते वर आले होते. आमच्यात जुनी रीत आहे, बंद पडलेल्या विहिरीत उतरायचं तर आधी दोराला कंदील बांधून सोडायचा. कंदील विझला तर उतरायचं नाही. पळसाचा डहाळा दोराला बांधून वरखाली हलवायचा, हवा खेळवायची, मग पुन्हा कंदील. पण ती रीत बंद विहिरीची. चालत्या विहिरीला कोण कंदील लावतो? रोजचं पाणी, रोजची उतरचढ. धूर दिसला तर थांबायचं, गेला की उतरायचं. एवढंच सगळ्यांना माहीत होतं. बाबांनाही एवढंच.

ते लोखंडी पायऱ्यांनी उतरले. इंजिनापाशी वाकले. हँडलला हात घातला. मग बसले. मला वाटलं, दम खायला बसले असतील. मी वरून हाक मारली, "बाबा, जेवाले या." त्यांनी मान वर केली नाही. मान आणखी खाली गेली.

माझी ओरड ऐकून काका धावत आला, उतरला. अर्ध्यावर गेला आणि तिथूनच लटपटत वर आला. डोळे पांढरे. काठावर पडून ओकला. त्यानंतर कोणी उतरेना. शेवटी गळ आणला. विहिरीत पडलेली बादली काढतात तो लोखंडी गळ. माझा बाप त्या गळाने काढला.

काका अर्ध्यातून परत आला, तोही प्यायला होता का? हा प्रश्न तिथे उभ्या एवढ्या माणसांतून एकाच्याही तोंडून निघाला नाही. माझ्याही नाही.

माय आली तेव्हा मालकाने तिला बाजूला घेतलं. मी ऐकत होते. "पोलिसाची भानगड नको करू, बाई. दारूची केस होईन. त्याले चिरतीन, फाडतीन. मातीची इज्जत जाईन." माय घाबरली. सूर्य मावळायच्या आत बापाला माती दिली. मालक स्मशानात आला होता. लोक म्हणाले, मोठ्या मनाचा माणूस.

माझा बाप पीत नव्हता. हे मी ओरडून सांगू शकते, पण तेव्हा सांगितलं नाही म्हणून आता लिहिते आहे. माझा आजा पिऊन पिऊन मेला होता. त्यामुळे बाबा विहारात पंचशील म्हणताना पाचव्या शीलाला, दारूला न शिवण्याच्या शीलाला, आवाज चढवायचे. बाकीची चार सगळ्यांबरोबर, पाचवं सगळ्यांच्या वर. बाया हसायच्या. माय लाजून पदर तोंडाशी घ्यायची, पण तिला ते आवडायचं.

बाप गेल्यावर तेच पाचवं शील आमच्या घरावर उलटलं. विहारात त्या ओळीवर आलं की लोकांच्या नजरा मायकडे वळायच्या. एक म्हातारी तर म्हणालीच, "सर्वात मोठ्यानं म्हणत होता आन् मागून पेत होता." मायने विहारात जाणं सोडलं. शाळेत मला 'टल्लीची पोट्टी' नाव पडलं. मास्तर ऐकायचे आणि फळ्याकडे तोंड करायचे.

पण सगळ्यात वाईट ते नाही. सगळ्यात वाईट हे, की मायनेही मानलं.

एकदा तांदूळ पाखडता पाखडता तिने मला विचारलं, "तू होती ना तिथी. खरं सांग, वास येत होता काय?" मी म्हटलं, "नाई." ती म्हणाली, "तू लहान होती. तुले काय समजते." त्यानंतर भिंतीवरचा बाबांचा फोटो दिसला नाही. तिने तो पेटीमागे, तोंड भिंतीकडे करून ठेवला होता. धानाच्या रोवण्याहून चिखलाने भरून आली, कंबर धरून बसली, की ती त्या पेटीकडे पाहून बोलायची. "पेऊन मेला. दोन लेकरं माझ्या गळ्यात टाकून पेऊन मेला." मी आणि माझी लहान बहीण चुलीपाशी ऐकत बसायचो. मला मायचा राग यायचा आणि कीवही यायची. दोन्ही एकदम.

मी शिकले. कशी शिकले ते सांगत बसत नाही, आमच्यातल्या पोरी जशा शिकतात तशी शिकले. बारावीनंतर बी.एस्सी.ला नाव घातलं. रसायनशास्त्राची प्रयोगशाळा पहिल्यांदा पाहिली तेव्हा मला ती फार आवडली. काचेची एवढी स्वच्छ भांडी मी कुठे पाहिली नव्हती.

त्या दिवशीचा प्रयोग वायूंच्या वजनाचा होता. सर शिकवायचे चांगले, त्याबद्दल दुमत नाही. त्यांनी फळ्यावर नियम लिहिला. तापमान सारखं असेल, दाब सारखा असेल, तर सारख्या आकारमानात रेणूंची संख्या सारखीच असते, मग वायू कोणताही असो. म्हणजे एकाच मापाच्या चंबूत कधी हा वायू भरा, कधी तो, आतली डोकी तेवढीच. तरीही वजनात फरक पडला, तर तो फरक प्रत्येक रेणूच्या वजनाचा. एवढासा रेणू कोणाला दिसत नाही, हातात येत नाही, पण चंबूभर वायू तोलून त्याचं वजन काढता येतं. न दिसणाऱ्याचं वजन होतं, आणि ते कोणाच्या सांगण्यावर नसतं.

मग सरांनी गंमत दाखवली. एका बरणीत मेणबत्ती पेटवून ठेवली. दुसऱ्या बरणीत कार्बन डायऑक्साइड भरलेला. त्यांनी ती दुसरी बरणी पहिलीवर अलगद तिरपी केली, पाणी ओतावं तशी. काहीच दिसलं नाही. मेणबत्ती विझली.

"हवेपेक्षा जड," सर म्हणाले. "म्हणून खाली बसतो. विहिरींमध्ये हाच साचतो. दर उन्हाळ्यात पेपरात वाचता ना तुम्ही? आता ते उतरणारे लोकही काय शुद्धीत उतरतात? अर्धा पाव टाकल्याशिवाय पाय खाली पडत नाही त्यांचा."

वर्ग हसला. चांगला खळखळून हसला.

मी उभी राहिले. उभं राहायचं ठरवलं नव्हतं. "सर, माझे बाबा विहिरीत गेले. ते पीत नव्हते."

सर म्हणाले, "बस, बस. मी जनरल बोललो. काटा समोर आहे, रीडिंग घे."

मी बसले. सरांना माहीत होतं. वायू माहीत, वजन माहीत, विहीर माहीत. मेणबत्ती न पिता विझते हे त्यांनी आत्ताच स्वतःच्या हाताने दाखवलं होतं. तरी माणूस विझला की त्यांना दारू आठवली. आमचा मालक अडाणी नव्हता आणि हे सरही अडाणी नव्हते. शिकल्याने आपोआप काही होतं हा माझा भ्रम त्या बाकावर फिटला.

मी रीडिंग घेतलं. चंबूत नुसती हवा असतानाचं वजन घेतलं. मग संगमरवराच्या तुकड्यांवर आम्ल टाकून निघालेला वायू त्याच चंबूत भरला, तेच बूच लावलं आणि पुन्हा काट्यावर ठेवलं. लिटरभर मापाचा चंबू. आकडा पहिल्यापेक्षा अर्ध्या ग्रॅमहून थोडा जास्त आला. चंबूकडे पाहिलं तर रिकामाच दिसत होता. आमची विहीर तशीच दिसत होती. स्वच्छ. तळापर्यंत.

वहीच्या मागच्या पानावर मी गणित मांडलं. हवेचा रेणू सरासरी एकोणतीस, कार्बन डायऑक्साइडचा चव्वेचाळीस. आपल्याकडची रुंद शेतविहीर, आणि तळाशी पुरुषभर उंचीचा थर. निव्वळ हाच वायू धरला तर त्या थराचं वजन जवळपास एका माणसाच्या वजनाएवढं निघत होतं. मी पेन खाली ठेवलं. एवढा लागतही नाही, त्याचा दहावा हिस्सा माणसाला बसवायला पुरतो. इंजिनाचा धूर गरम होता तोवर वर निघाला, आणि काळा रंग डोळ्यांना दिसत होता तो गेला. जे थंड होऊन खाली बसलं त्याला ना रंग ना वास.

पुढे आणखी एक गोष्ट वाचली. इंजिनाच्या धुरात कार्बन मोनॉक्साइडही असतो. त्याचा रेणू अठ्ठावीस, म्हणजे हवेच्याच वजनाचा. तो तळाशी बसत नाही, हवेत मिसळून राहतो. त्याने कंदील विझत नाही, माणूस मात्र विझतो. माझ्या बापाला यातल्या कोणी मारलं ते मला कधीच कळणार नाही, कारण बापाला आम्ही सूर्य मावळायच्या आत माती दिली होती.

सुट्टीत घरी गेले आणि मायला सांगितलं. दोन बरण्या घेतल्या, खायचा सोडा आणि लिंबू आणलं, आणि तिच्यासमोर तो वायू मेणबत्तीवर ओतला. मेणबत्ती विझली. मी म्हटलं, "माय, अशे गेले बाबा. पेले नव्हते."

मला वाटलं होतं, तिला बरं वाटेल. मी मूर्ख. ती विझलेल्या मेणबत्तीकडे पाहत राहिली. मग तिने कपाळ जमिनीवर टेकवलं आणि जो हंबरडा फोडला तसा बाप मेला त्या दिवशीही फोडला नव्हता.

"एवढी वर्स मी त्याले शिव्या देल्या," ती म्हणत होती. "मेल्यावर शिव्या देल्या मी त्याले. काऊन सांगतलं तू मले? आता मी कोणापाशी जाऊ?"

फोटो तिने पेटीमागून काढला, पुसला, आणि पुन्हा तिथेच ठेवला. भिंतीवर लाव म्हटलं तर म्हणाली, "माही हिंमत नाई होत." आजही तो तिथेच आहे. बापाचा जीव घेतला तो वायूने. पण मायच्या मनातला नवरा घेतला तो मालकाने, एका वाक्यात. त्याचं दुःख मला बापाच्या मरणाहून जास्त आहे.

मागच्या उन्हाळ्यात पाणी पुन्हा खोल गेलं. मालकाने पुन्हा इंजिन विहिरीत उतरवलं, त्याच कट्ट्यावर. सकाळभर चाललं आणि बंद पडलं. मालकाचा माणूस आमच्या मोहल्ल्यात काकाला बोलवायला आला. काका बनियन घालून निघालाच होता.

मी घरातला कंदील घेतला, बाजेचा दोर सोडला आणि काकाच्या आधी धावत तिथे पोचले. लोक जमले होते. मालक आता म्हातारा झाला आहे, काठी घेऊन उभा होता.

"हे काय करून राह्यली, पोट्टे?"

मी कंदील पेटवला आणि दोराने सोडला. पायऱ्यांच्या अर्ध्यापर्यंत नीट जळत होता. त्याखाली ज्योत आखडली. इंजिनाच्या कट्ट्यापाशी गेली आणि विझली. वर ओढला, पुन्हा पेटवला, पुन्हा सोडला. पुन्हा तिथेच विझला. काका माझ्या शेजारी येऊन उभा राहिला होता. त्याचा श्वास मला ऐकू येत होता.

"हवा लागली असन," मालक म्हणाला. "शिकली म्हणून आता आमाले शिकवून राह्यली का?"

मी कंदील वर ओढला. तसाच हातात धरून मालकासमोर गेले आणि त्याच्या नाकाजवळ धरला.

"इथीच, याच दगडावर, तुमी माह्या बापाचं तोंड हुंगलं होतं. आता याले हुंगा. हा बी पिऊन हाय का?"

मालक मागे सरला. काठी टेकत दोन पावलं मागे गेला. मला वाटलं तो मारेल, आणि मारलं असतं तरी मी कंदील खाली घेतला नसता. तो एवढंच म्हणाला, "झालं गेलं कायले काढते?" आणि खाटेकडे वळला.

तेव्हा काका बोलला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. "मी बी अर्ध्यातून आलो होतो, मालक. मी बी पेलो नव्हतो." त्याने बटईची जमीन त्याच दिवशी गमावली. संध्याकाळी मालकाचा निरोप आला.

विहारात मी सगळ्यांना सांगितलं. कंदील विझला तर उतरायचं नाही. कंदील जळला तरी, इंजिन विहिरीत चाललेलं असेल तर उतरायचं नाही, कारण एक वायू कंदिलालाही फसवतो. इंजिन विहिरीत नको, पाण्यात विजेची मोटर सोडायला सांगा, तो खर्च मालकाचा. आपली फुप्फुसं त्या खर्चात धरू नका. म्हातारी माणसं माना डोलवत ऐकत होती. माय आली नव्हती.

मालकाने अजून काही कबूल केलेलं नाही. करेल असं मला वाटत नाही. त्याचा पोरगा नागपूरहून येऊन मला समजावून गेला, गावात राहायचं आहे ना, म्हणाला. राहायचं आहे. म्हणूनच.

दर उन्हाळ्यात मी गावी येईन. कंदील घेऊन त्या काठावर उभी राहीन. ज्या दगडावर माझ्या बापाला निजवून त्याचं तोंड हुंगलं, त्याच दगडापाशी उभं राहून, सगळ्या गावाला ऐकू जाईल अशा आवाजात, माझ्या मायसमोर मालकाने म्हणायचं आहे की हा माणूस प्यायला नव्हता. ते म्हणेपर्यंत आमच्या मोहल्ल्यातलं एकही माणूस त्याच्या विहिरीत पाय ठेवणार नाही.

धान वाळलं तर वाळू दे.